बर्फोबाचा पावसाळा

निनाद, रेवा,

काल तुमच्या आईचा फोन आला. इकडचं तिकडचं बोलून झाल्यावर ती म्हणाली, "आई, ते मुलांचं गेमचं मशीन अजून तुझ्याकडेच पडलंय ना? देऊन टाक कुणाला तरी. मुलांना इथे नवीन घेतलंय. तिथल्या दमटपणात उगीच खराब होईल." मी "बघते" म्हटलं. मी "बघते" म्हणते तेव्हा पुढे काय होतं हे तुमच्या आईला लहानपणापासून माहीत आहे, म्हणून तिने विषय बदलला. फोन ठेवल्यावर मात्र वाटलं, नाही म्हणायचं असेल तर कारण द्यायला हवं. गेल्या पावसाळ्यात या घरात जे झालं ते तुम्हाला रविवारच्या फोनवर मावलं तेवढंच माहीत आहे. बाकीचं इथे लिहिते. आज सकाळपासून धुकं खिडकीला येऊन टेकलं आहे, समोरच्या बंगल्याचं फाटकसुद्धा दिसत नाही, आणि मला दुसरं काही काम नाही.

लोणावळ्याचा पाऊस म्हणून लोक जो सांगतात तो शनिवार-रविवारचा असतो. धरणाच्या पायऱ्यांवर भिजणारी माणसं, भाजलेली कणसं, गाड्यांच्या रांगा. आम्हा राहणाऱ्यांचा पाऊस सोमवारी सुरू होतो. रस्ता रिकामा होतो, आणि मग आठवडाभर पन्हळीतून पडणाऱ्या पाण्याचा एकच आवाज. सूर्य पंधरा-पंधरा दिवस दिसत नाही. मिठाला पाणी सुटतं, काडेपेटीतली काडी घासली की तिचं डोकंच गळून पडतं, सकाळचं वर्तमानपत्र हातात धरलं तर ओल्या पंचासारखं लोंबतं. चपलांवर, पुस्तकांच्या पाठीवर, तंबोऱ्याच्या गवसणीवर पांढरी बुरशी चढते. धुक्यात सगळे आवाज जवळ येतात. घाट चढून आलेली मालगाडी आपल्याच परसात येऊन थांबली असं वाटतं.

म्हणून इथे जुन्या घरांतून कपाटात दिवा लावून ठेवतात. तुमच्या आजोबांनी त्यांच्या कॅमेऱ्यासाठी तो लावला होता: खालच्या कप्प्यात, एका पत्र्याच्या डब्याला भोकं पाडून आत बसवलेला जुन्या पद्धतीचा पिवळा दिवा. आषाढ ते आश्विन तो दिवसरात्र जळतो आणि कपाट कोरडं राहतं. हल्लीचे दिवे या कामाचे नाहीत, त्यांना उजेड असतो पण ऊब नसते. बाजारातला दुकानदार माझ्यासाठी ते जुने दिवे कुठून कुठून शोधून आणतो. "आज्जी, आता असले दिवे कोण वापरतंय?" तो दरवर्षी विचारतो. मी दरवर्षी सांगते, "मी." एवढ्यावर तो हसतो आणि मागून खोकं काढतो.

तुम्ही कॅनडाला गेलात त्या मे महिन्यात मी आजोबांचा कॅमेरा वरच्या कप्प्यात सरकवला आणि दिव्याच्या शेजारची जागा तुमच्या मशीनला दिली.

निघायच्या सकाळी बॅगा पोर्चमध्ये होत्या. निनाद, तू मला बाहेरच्या खोलीत ओढून नेलंस आणि टीव्हीवर तो दाखवलास. मूळ खेळात तो नव्हताच. नंतर आलेल्या जोडखेळात होता, तुम्ही एक्स्पान्शन म्हणता त्यात. नवी बर्फाची दरी, तिथली एक छावणी, आणि दरीच्या टोकाला तो अजस्र प्राणी. त्याच्या चित्रावर कुलूप होतं. चित्र म्हणजे धुक्यातून पुढे आलेली दोन शिंगं आणि खांद्यावर साचलेला बर्फ, बस्स. त्याचं इंग्रजी नाव लांबलचक होतं. रेवाने ते वाचायचा कंटाळा करून त्याला बर्फोबा करून टाकलं होतं.

"आजी, याला अनलॉक कसं करायचं तेच कळत नाहीये," तू म्हणालास. "तू उघडून ठेव. दिवाळीत आलो की मी मारतो."

"मला कुठे येतं खेळायला?"

"रोज मागे बसून बघतेस की. येतं तुला."

बाहेर तुझ्या बाबांनी हॉर्न वाजवला.

मी तुमच्या मागे बसून बघायचे ते खेळ नव्हे, हे तुला आता सांगायला हरकत नाही. तुमच्या दोघांच्या माना बघायचे. चुरशीच्या वेळी रेवा मान खांद्यात घालायची आणि तू तुझी उजवीकडे कलती करायचास, अगदी तुझ्या आईसारखी.

जून गेला. जुलैच्या मध्यावर मी मशीन पहिल्यांदा लावलं. तुला दिलेला शब्द हे एक कारण होतं, पण खरं कारण रविवारचा फोन होतं. संध्याकाळी साडेसहाला, म्हणजे तुमच्या सकाळी नऊला, रेवा अखंड बोलायची आणि मग फोन तुझ्याकडे यायचा. शाळा कशी आहे? "ठीक आहे." मित्र झाले का? "हो आजी." मग थोडा वेळ तुझा श्वास ऐकू यायचा, मग "बाय". तू उद्धट कधीच नव्हतास. मला भीती होती ती त्याचीच. तू माझ्याशी बोलायचं विसरशील, आणि ते विसरणं इतकं सभ्य असेल की घरात कुणाच्या लक्षातही येणार नाही. तुझ्याशी बोलायला मला काहीतरी हवं होतं. या घरात तुझं म्हणावं असं एकच अर्धवट काम राहिलं होतं.

कुलूप उघडणं माझ्यासारखीला सोपं गेलं. मी आयुष्यभर शाळेच्या ग्रंथालयात बसलेली बाई. समोर छापील मजकूर आला की तो पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत वाचते, औषधाच्या खोक्यातली घडी घातलेली चिठ्ठीसुद्धा. त्या बर्फाच्या छावणीत, शेकोटीपासून लांब, एक म्हातारी बसलेली असते. आठवते? तुम्ही तिचं बोलणं बटण दाबून पुढे ढकलायचात. माझ्या डोळ्यांदेखत ढकललंत. मी तिच्यासमोर उभी राहिले आणि ती जे जे बोलली ते वाचलं. दरीतल्या चार वनस्पतींविषयी, तिच्या बुडालेल्या गावाविषयी, गुडघ्यांविषयी. वनस्पती आणून दिल्या की पुन्हा बोलायची. तीन वेळा तिचं सगळं ऐकून घेतल्यावर तिने सांगितलं की तो कोणत्या खिंडीतून उतरतो, आणि चित्रावरचं कुलूप खळकन पडलं. मी खुर्चीत मागे टेकले. बाहेर पन्हळ वाहत होती. तुमच्याकडे पहाट व्हायची होती.

रविवारी मी तुला सांगितलं, "उघडला."

"काय?"

"बर्फोबा."

फोनवर पहिल्यांदा तुझा आवाज चढला. "काय सांगतेस! कसा? आजी, कसा?" आपण दहा मिनिटं बोललो. घड्याळ माझ्यासमोरच आहे, म्हणून माहीत. "आता त्याला हात लावू नकोस हं," तू म्हणालास. "माझ्यासाठी ठेव."

मी ठेवला. कुलूप काढून, न मारता, तसाच. दिवाळीसाठी.

ऑगस्टच्या शेवटी तुमच्या आईने सांगितलं की दिवाळीला जमत नाही. बाबांची नवी नोकरी, रजा नाही, पुढच्या उन्हाळ्यात नक्की. मी "काही हरकत नाही" म्हटलं आणि ते इतक्या नीट म्हटलं की तिला पटलं. मग तू फोनवर आलास. "आजी, तूच मार त्याला. माझ्यासाठी ठेवू नकोस." आणि मग पुन्हा तोच श्वास. या वेळी "बाय" म्हणताना तुझा आवाज फुटला होता. वयाने फुटला की कशाने ते मला इतक्या लांबून कळलं नाही.

दुसऱ्या दिवशीपासून मी त्याला मारायला लागले. खरं म्हणजे तो मला मारायला लागला.

खेळाचा नियम साधा होता. आपण तीनदा पडलो की शिकार संपली, छावणीत परत. मी रोज दुपारी दोनला बसायचे. आधी दहा मिनिटं हात गरम पाण्यात, कारण धुक्याच्या दिवसांत माझे अंगठे वाकत नाहीत. मग एक वही उघडायची. कोणत्या आवाजानंतर तो काय करतो, किती वेळ थांबतो, सगळं लिहिलेलं आहे. "डोकं खाली, डावा पाय घासतो: सरळ धावून येतो." "मान वर, श्वास: धुकं. काही दिसत नाही. थांबणे." वही नीटनेटकी होती, आणि मी रोज तीनदा पडत होते.

कमळ दुपारची भांडी घासायला यायची ती हात पुसत माझ्या मागे उभी राहायची. रेवा, तुला कमळमावशीच्या नाचणीच्या भाकरीची आठवण येते ना, तीच. ती जवळच्या औंढे गावाहून येते. तिच्या दिराकडे अजून बैल आहेत, शेवटची जोडी. पहिल्या दिवशी तिने विचारलं, "बाई, ह्यो कोन?"

"बर्फोबा."

"देव हाय व्हय? मंग मारताय कशाला?"

"देव नाही गं. रेवाने नाव ठेवलंय."

"आसंल बया. पर तोंड बगा की कसं हाय त्याचं. आमच्या चंद्र्यावानी." चंद्र्या म्हणजे दिराचा मारका बैल. मग ती भांड्यांकडे जायचीच नाही. मी पडले की तिथूनच, "ग्येल्या! पुन्यांदा ग्येल्या!" एकदा मी तिला म्हटलं, "कमळ, तू नुसती उभी राहून मोजू नकोस, काही सुचव तरी."

"सुचवू? राग न्हाई ना येयाचा? तुमी त्याच्या म्होरं पळताय. मारक्या बैलाच्या म्होरं पळतंय का कुनी? त्यो लय जड हाय, त्याला वळाया येत न्हाई. बगलंला जावा. हितं, मागल्या पायापाशी उभं ऱ्हावा. तितं त्याचं शिंग बी येत न्हाई आन् डोळा बी."

मी वहीत लिहिलं: मागच्या पायापाशी. त्या दिवशी पहिल्यांदा तो लंगडला. लंगडत लंगडत खिंडीकडे निघाला, मी मागे, कमळ मोरीतून चहाची गाळणी हातात घेऊन धावत आलेली, आणि वीज गेली. दोघी काळ्या पडद्याकडे बघत राहिलो. "मेला आसंल त्यो तितं अंधारात," कमळ म्हणाली. "कुनाला कळतंय?"

पण वीज आल्यावर सगळं पहिल्यापासून. पुढच्या दिवशी मी पुन्हा पडले, त्याच्या पुढच्या दिवशीही. मागच्या पायापाशी उभं राहायचं कळलं होतं, पण तिथवर पोचेपर्यंतच मी अर्धमेली व्हायचे. जखमा भरायला माझ्याकडे छावणीत फुकट मिळणारी पातळ हिरवी औषधं होती, आणि त्याच्या एका धडकेपुढे ती पुरत नव्हती.

तुझी चांगली औषधं पेटीत होती, निनाद. लाल बाटल्या, दहा. शिवाय दोन सापळे आणि थंडी बाधू न देणारं ते पेय. पेटीचं झाकण उघडलं की पहिल्या ओळीत दिसायची. तू ती कशी जमवलीस ते मी मागे बसून पाहिलं होतं. परीक्षेनंतरचा आख्खा आठवडा तू दरीत मध गोळा करत होतास आणि रेवा कंटाळून रडली होती. त्या बाटल्यांना मी हात लावला नाही. लावायचा असतो हे डोक्यातच आलं नाही. या घरात चांगल्या वस्तू मुलं आली की निघतात. निळ्या फुलांचे पेले, मऊ दुलया, काजूची बरणी. मागच्या वर्षी ती बरणी तुमच्यासाठी इतकी जपली की तुम्ही आलात तेव्हा काजूंना बुरशी आली होती. तुमच्या आईने ती माझ्यासमोर कचऱ्यात रिकामी केली आणि मी बरणी घासायला घेतली.

सप्टेंबरच्या एका रविवारी तू विचारलंस, "मेला का?"

"नाही रे. पुन्हा तीनदा पडले."

"काय घेऊन जातेस? पेटी दाखव ना." मी फोन टीव्हीकडे वळवला. मग तू हसायला लागलास. कॅनडाला गेल्यापासून मी तुझं हसू ऐकलं नव्हतं, ते खोल आणि नवंच झालं होतं. मागून रेवा ओरडत होती, काय झालं, काय झालं. "रेवा, आजीने एकही नाही वापरलं! सगळंच्या सगळं तसंच! आजी, तू हिरव्यावर त्याच्याशी लढतेस?"

"तुझं आहे ते," मी म्हटलं. "तू आलास की लागेल."

तुझं हसू थांबलं.

"आजी, दुसरं पान उघड. पेटीचं. उजवीकडचं बटण दाब." मी दाबलं. "नाव वाच."

त्या पेटीत सामानाचे गट करून त्यांना नाव देता येतं, हे मला ठाऊक नव्हतं. औषधाची चिठ्ठीसुद्धा वाचणाऱ्या बाईने ते पान कधी उघडलं नव्हतं, कारण दुसऱ्याची पेटी उघडून वाचत बसणं मला बरं वाटत नाही. गटात त्याच दहा बाटल्या होत्या, तेच सापळे, तेच पेय. वर इंग्रजी अक्षरांत नाव होतं: आजी.

"जायच्या आधी केलं होतं," तू म्हणालास. "तुझा अंगठा हळू आहे ना, म्हणून मोठी औषधं."

मी काय उत्तर दिलं ते आठवत नाही. बहुतेक "जेवलास का" असं काहीतरी विचारलं असेन. तुमच्याकडे सकाळचे नऊ वाजले होते.

त्यानंतरच्या गुरुवारी मी बसले. पितृपक्ष होता, कमळ घरच्या पानासाठी औंढ्यालाच थांबली होती. हात गरम पाण्यात बुडवले, पुसले. बाहेर धुकं होतं आणि टीव्हीतही धुकं होतं, आणि मध्ये मी. पेय घेतलं. तो उतरला तेव्हा मी पुढे पळाले नाही. डोकं खाली, डावा पाय घासला. मी बगलेला सरकले, आणि तो आपल्याच वजनाने पुढे निघून गेला. पहिली बाटली घेताना मात्र अंगठा अडला. बटणावर अंगठा ठेवून मी थांबले आणि तेवढ्यात त्याने मला आपटलं. मग घेतली. मग दुसरी घेतली. तुझं ते मधाचं आख्खं आठवडाभराचं काम माझ्या अंगात जात होतं आणि मी उभी राहत होते. मागच्या पायापाशी. हितं, कमळ म्हणाली होती तिथे. दोनदा पडले. तिसऱ्यांदा पडले असते तर संपलंच होतं. तो लंगडला, खिंडीकडे निघाला, मी विजेच्या दिव्याकडे एकदा बघून घेतलं, आणि सापळा लावला.

तो पडला तेव्हा फार आवाज झाला नाही. गुडघे आधी टेकले, मग मान, मग खांद्यावरचा बर्फ घसरून बाजूला आला. दिराच्या आधीच्या जोडीतला एक बैल असाच गेला असं कमळने मला पूर्वी सांगितलं होतं.

"मारला," मी मोठ्याने म्हटलं.

दुपारचे अडीच झाले होते. तुमच्याकडे पहाटेचे पाच. मी वळून मागे पाहिलं. मागे, तुम्ही खेळताना मी बसायचे ती खुर्ची होती, रिकामी. मला कळलं की मी खेळताना मान उजवीकडे कलती केली होती, कारण ती दुखत होती, आणि ते कुणी पाहिलं नव्हतं. टीव्हीवर वाद्यं वाजत राहिली. मी ती संपेपर्यंत बसले. मग वहीत तारीख लिहिली, मशीन पुसलं आणि कपाटात दिव्याशेजारी ठेवलं. रविवार यायला तीन दिवस होते. त्या तीन दिवसांइतकं लांब मला त्या पावसाळ्यात काहीच वाटलं नाही.

कमळ शुक्रवारी आली. "पडला? आन् मी न्हवती! म्या शिकीवलं आन् मीच न्हाई!" पदर कमरेला खोचून ती टीव्हीसमोर बसलीच. "पुन्यांदा मारा. मी बगते." तसं करता येतं, बर्फोबा पुन्हा उतरतो. पण मी नाही म्हटलं, आणि ती दिवसभर माझ्याशी तुटक बोलली.

रविवारी तू वीस मिनिटं बोललास. कुठल्या बाजूने, कितव्या बाटलीला, सापळा कधी. "मागच्या पायापाशी? मी तिथे कधी उभाच राहिलो नसतो." मग तू रेवाला सांगितलंस, मग तिने मला तेच पुन्हा सगळं विचारलं. त्याच्या पुढच्या रविवारी तू परत "हो आजी"वर आलास. फक्त आता मागून मुलांचे आवाज येत होते, कुणीतरी तुला इंग्रजीत बाहेर बोलावत होतं, आणि तू घाईत होतास. मी म्हटलं, जा. हे मी मनापासून म्हटलं होतं. फोन ठेवल्यावर खोली आधीच्या रविवारपेक्षा मोठी वाटली, हेही खरं.

या उन्हाळ्यातही तुमचं येणं झालं नाही. पाऊस पुन्हा लागला. मिठाला पाणी सुटलं आहे, तंबोऱ्याच्या गवसणीवर पांढरं चढायला लागलं आहे, कमळ भातलावणीला गेली आहे म्हणून भांडी मीच घासते. दुपारी दोनला हात आपोआप गरम पाण्याकडे जातात. तुमची आई म्हणते मशीन जुनं झालं. असेल. दुकानदाराने यंदा दिवा देताना सांगितलं, "आज्जी, हा शेवटचा. पुढच्या वर्षी मिळेल असं काही सांगत नाही." मी दोन मागितले, त्याच्याकडे एकच होता.

तर मुलांनो, मशीन मी कुणाला दिलेलं नाही. ते खालच्या कप्प्यात आहे, कोरडं आहे. दिवा चालू आहे. त्या गुरुवारी आठ बाटल्या लागल्या. पेटीत दोन शिल्लक आहेत.